कपबशी

माहेरी मला चहा नेहमी पेल्यातून मिळायचा. स्टीलचा, बुडाशी पोचा पडलेला पेला. तापलेला असायचा म्हणून ओढणीच्या टोकात धरायचा, ओट्याला पाठ टेकून खालीच बसायचं आणि वहिनीशी बोलत बोलत फुंकर मारून प्यायचा. घरात कपबश्या नव्हत्या असं नाही. सहा होत्या, निळ्या वेलाच्या. त्या वरच्या फळीवर असायच्या. तलाठी, डॉक्टर, नाहीतर मुलगी बघायला आलेले पाहुणे, असं कुणी आलं की खाली यायच्या आणि धुऊन पुसून पुन्हा वर जायच्या.

2017 साली गावच्या जत्रेला मी गेले, तेव्हा वहिनीनं मला चहा कपातून दिला. बशीसकट. सोबत बिस्किटांची ताटली. बाहेरच्या खोलीत, खुर्चीवर.

कुणी भांडलं नव्हतं. आमच्या घरात कुणी भांडत नाही, हे आप्पा चारचौघांत अभिमानानं सांगायचे. शेजारच्या वाड्यात बांधावरून कुऱ्हाडी निघालेल्या आम्ही लहानपणी पाहिल्या होत्या. आमच्याकडे आवाज चढला की आई नुसती खोकायची, आणि तेवढ्यानं भागायचं. आता मला वाटतं, भांडण नव्हतं म्हणजे काय होतं, हे आम्ही कधी तपासलंच नाही.

झालं होतं ते एवढंच. 2015 मध्ये आप्पा गेले. कोरेगाव तालुक्यात आमची 1 हेक्टर 62 आर जमीन, म्हणजे मोजून चार एकर. वारसनोंद झाली, फेरफार निघाला, पंधरा दिवसांच्या नोटिशीत कुणाची हरकत आली नाही, आणि सातबाऱ्यावर आप्पांच्या जागी चार नावं चढली. आई, ताई, दादा, मी. हिशेबाला प्रत्येकी एक एकर. पुढच्या वर्षीच्या भाऊबीजेला ओवाळून झाल्यावर, ताटातली सुपारी बोटांत फिरवत दादा म्हणाला, "ते सोसायटीच्या पीककर्जाचं जरा अडकतंय गं. सेक्रेटरी म्हणतोय खातेदार चार हायत, तर दरसाली चौघांच्या सह्या आणा. ठिबकच्या कर्जालाबी तेच. तर तेवढं एक हक्कसोड करून टाकू."

"तेवढं एक" हे शब्द मी तेव्हापासून कितीदा मनात ऐकलेत. खोटं त्यात काही नव्हतं. सोसायटीला खरंच सह्या लागतात. दादाला खरंच दर वर्षी मला फोन करावा लागायचा, ताईकडे फलटणला मोटारसायकल काढून जावं लागायचं. त्याची अडचण खरी होती. म्हणूनच तर तिला उत्तर सापडत नव्हतं.

ताई लगेच म्हणाली, "कधी यायचं सांग." मी म्हणाले, "बघू की."

आमच्या भागात "बघू" या शब्दाचा अर्थ सगळ्यांना कळतो.

मी एका सहकारी बॅंकेच्या कर्ज विभागात नोकरी करते. पंचवीसेक वर्षं झाली, तारणाचे कागद तपासायचं काम करते. सातबारा, आठ अ, फेरफार, तीस वर्षांचा शोध अहवाल. समोर माणूस फाईल घेऊन बसलेला असतो आणि मी न बघता सांगते, "बहिणींची हक्कसोड जोडलेली नाही. ती आणा, मग पुढं." किती जणांना सांगितलं असेल? हजार तरी. तो माणूस उठून जातो आणि पंधरा दिवसांनी नोंदवलेला दस्त घेऊन येतो. त्या पंधरा दिवसांत कुठल्या तरी घरात काय झालं असेल, हा प्रश्न फाईलमध्ये नसतो. माझ्या डोक्यातही नसायचा.

हक्कसोडपत्राची भाषा मला पाठ आहे. त्यात बहीण "लिहून देणार" असते आणि भाऊ "लिहून घेणार". लिहून देणार ही आपला हक्क विनामोबदला, राजीखुशीने, अक्कलहुशारीने, कोणाच्याही दडपणाखाली न येता सोडून देते. कारण म्हणून बहुतेक वेळा असंही लिहिलेलं असतं, की लिहून देणार हिच्या लग्नात वडिलांनी पुरेसा खर्च केलेला असून ती सासरी सुखात नांदत आहे, आणि भावाबहिणीतलं प्रेम टिकावं म्हणून हा दस्त करून देत आहे. सुखात नांदत आहे! दस्तलेखकाला कुठून कळतं, विचारावंसं वाटतं. पण तो बिचारा जुन्या दस्तातलं नाव बदलून नवा छापतो, एवढंच.

जानेवारी 2017 मध्ये तालुक्याच्या दुय्यम निबंधक कार्यालयात आम्ही तिघं गेलो. साक्षीदार म्हणून दादाचे दोन मित्र. मुद्रांक दोनशे रुपयांचा. वडिलोपार्जित मिळकतीत भावाच्या नावे हक्क सोडायला तेव्हा तेवढाच लागायचा. बाहेरच्या झेरॉक्सवाल्याकडे दस्त छापून तयार होता. लिहून देणार क्रमांक एक ताई, क्रमांक दोन मी. मी तो उभ्याउभ्या वाचला. दुसऱ्यांचे वाचताना कधी हात थांबला नव्हता, आपलं नाव "लिहून देणार" या शब्दांपुढं बघितल्यावर थांबला. आणि मी म्हणाले, "अगंबाई, पॅनकार्ड घरीच राहिलं की पुण्याला."

पॅनकार्ड पर्समध्ये होतं. आतल्या कप्प्यात, आधारच्या मागं. ताईनं सकाळी एसटीत माझ्याच पर्समधून सुटे पैसे काढले होते, तिला ते दिसलं असणार. दादानं माझ्याकडं बघितलं, झेरॉक्सवाल्याकडं बघितलं आणि म्हणाला, "असू दे. तुझं नंतर करू. ताईचं तर होऊन जाऊ दे." माझं नाव काढून दस्त पुन्हा छापला. ताईचा अंगठा यंत्रावर टेकवला, कॅमेऱ्यासमोर फोटो काढला. फोटोसाठी तिनं पदर नीट केला. साहेबांनी विचारलं, "मावशी, राजीखुशीनं देताय ना?" ताई हसून म्हणाली, "भावाला द्यायला काय राजीखुशी?"

नंतर आम्ही तिघांनी मिसळ खाल्ली. दादानं आग्रह करून ताईला दुसरी प्लेट घ्यायला लावली.

परतताना एसटीत मी ताईला विचारलं, "तुला खरंच काही वाटत नाही?" ती खिडकीबाहेर बघत म्हणाली, "मला वर्षातनं दोनदा यायचंय गं तिथं. तुझं पुणं हाय, नोकरी हाय. माझं सासर तुला माहितीये." पुढं काही बोलली नाही. कोरेगावच्या त्या एका एकराची किंमत तिनं माझ्या बॅंकेतल्या कुठल्याही मूल्यांकनकारापेक्षा नेमकी काढली होती. वर्षातून दोनदा, चार-चार दिवस.

एक गंमत सांगते, जी मी ताईला आजवर सांगितलेली नाही. महाराष्ट्रानं 1994 साली हिंदू वारसा कायद्यात दुरुस्ती केली आणि वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलासारखा जन्मानं वाटा दिला. देशाच्या बऱ्याच आधी. पण 22 जून 1994 पूर्वी जिचं लग्न झालं, तिला त्यातून वगळलं. ताईचं लग्न 1991 चं, माझं 1997 चं. म्हणजे एका आईच्या पोटच्या, एका वाकळीखाली झोपलेल्या आम्ही दोघी, आणि अकरा वर्षं कायद्यानं मी त्या जमिनीत दादाच्या बरोबरीची होते आणि ताई नव्हती. केंद्राची दुरुस्ती 9 सप्टेंबर 2005 ला लागू झाली तेव्हा हा भेद पुसला गेला. ताईला हे काहीच माहीत नाही. तिला हक्क नव्हता तेही कळलं नाही, मिळाला तेही नाही. गेला ते तेवढं कळलं, कारण तेव्हा फोटो काढला.

दादाबद्दल लिहायला हवं, नाहीतर हा लेख अर्धाच राहील. आप्पांना अर्धांगवायू झाला तेव्हापासून ते जाईपर्यंत तीन वर्षं दादानं आणि वहिनीनं काढली. आप्पांना उचलणं, कुशीवर वळवणं, पाठीला पावडर लावणं. मी दर महिन्याला पुण्याहून सफरचंदं घेऊन जायची. सफरचंदं! आप्पांना चावता येत नव्हतं, वहिनी ती किसून चमच्यानं भरवायची आणि मला म्हणायची, "वन्सं, किती करता तुम्ही." हे ती टोमणा म्हणून म्हणत होती की मनापासून, हे मला तेव्हाही कळलं नाही आणि आता विचारायची सोय राहिलेली नाही.

जमीनही त्यानंच राखली. आमच्याकडे आलं लावतात. अक्षय्य तृतीयेच्या सुमाराला लागवड, आणि पुढचं सगळं देवाच्या हवाली. साताऱ्याकडं आल्याचा भाव गाडीवर सांगतात, गाडी म्हणजे पाचशे किलो. एखाद्या साली गाडीला एवढा भाव मिळतो की माणूस घर बांधतो, आणि दुसऱ्या साली काढणीची मजुरीसुद्धा अंगावर येते. भाव नसला तर आलं काढत नाहीत, जमिनीतच ठेवतात. दीड-दीड वर्ष ठेवतात. वरून पाला वाळून जातो, रान मोकळं दिसतं, आणि खाली पीक वाट बघत असतं.

एका श्रावणात दादा मला रान दाखवायला घेऊन गेला. एका सरीत चार-पाच गड्ड्यांचे शेंडे पिवळे पडले होते. त्यानं एक उपटला, बोटानं दाबला, तर पाणी सुटलं आणि घाण वास आला. "कंदकूज," तो म्हणाला. "वरनं पिवळं दिसायला लागलं की समजायचं, खाली कधीचंच झालेलं असतंय. मग नुसतं शेजारचं वाचवायचं." मी विचारलं, "यावर औषध?" "आधीच ट्रायकोडर्माची आळवणी करायची असती. पाणी साचू द्यायचं नसतं. आता काय." वाचणाऱ्याला वाटेल, हे मी उपमा म्हणून रचलं. रचलेलं नाही. त्या वेळी आम्ही दोघंही निव्वळ आल्याबद्दल बोलत होतो, आणि दोघंही एकमेकांकडं बघत नव्हतो, एवढं मात्र खरं.

मी अजून सही केलेली नाही. कितीतरी वर्षं होऊन गेली. दादानं पुन्हा कधी विषय काढला नाही. दर वर्षी कर्जाच्या वेळी मी संमतीपत्र पाठवते, तो पावती म्हणून अंगठ्याचं चित्र पाठवतो. पण घर बदललं. पूर्वी येताना पिशवीत वाघ्या घेवडा, घरची हळद, शेवग्याच्या शेंगा न विचारता पडायच्या; आता वहिनी विचारते, "देऊ का थोडा घेवडा?" आणि विचारलं की मी "कशाला उगाच" म्हणते. भाऊबीजेची साडी मात्र महाग होत गेली. आधी सुती असायची, वहिनीनं आपल्याबरोबर माझीही बाजारात घेतलेली. 2017 ला रेशमी काठाची आली, 2018 ला पैठणी, साताऱ्याच्या मोठ्या दुकानाच्या खोक्यात. बिल खोक्यातच राहिलं होतं. चुकून की कसं, देव जाणे. मी ती साडी एकदाही नेसलेले नाही आणि दर वर्षी दादाला सांगते, लग्नात नेसले, सगळ्यांनी विचारलं कुठली म्हणून.

ऑगस्ट 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा विनीता शर्मा खटल्यातला निकाल आला. मुलीचा हक्क जन्मानं आहे, 2005 साली वडील हयात होते की नव्हते याचा त्याच्याशी संबंध नाही, असा. टाळेबंदीचे दिवस, सगळे फोनला चिकटलेले. कुणा चुलतभावानं ती बातमी आमच्या घरच्या ग्रुपवर टाकली. त्या ग्रुपवर गणपतीच्या आरासीला तीस-तीस लोक हात जोडतात. या बातमीखाली दिवसभर कुणी काही लिहिलं नाही. संध्याकाळी एका काकांनी गुलाबाचं फूल टाकलं आणि खाली "शुभ संध्या". मग सगळ्यांनी भराभर शुभ संध्या म्हटलं आणि बातमी वर सरकून गेली.

मला ती जमीन हवी आहे का? हा प्रश्न मी स्वतःला प्रामाणिकपणे विचारायचा प्रयत्न करते. मला विचारलं असतं तर मी दिली असती, असं मी मैत्रिणींना सांगते. "सही कर" आणि "तुला काय वाटतं" यांत फरक आहे, असंही सांगते. ते बोलायला बरं वाटतं. पण 2023 च्या उन्हाळ्यात आल्याचा भाव देशभर भडकला, तेव्हा मी रात्री फोनवर एका एकरात किती गाड्या निघतात याचा हिशेब केला होता. नवरा कुशीवर वळला तेव्हा फोन उशीखाली सरकवला, कुणी चोरी पकडावी तसा.

आई या सगळ्यात कुठं होती? देवघरात. "मला मधे घेऊ नका," एवढंच म्हणायची. एकदाच, पुण्याला माझ्याकडं मोतीबिंदूच्या ऑपरेशनला आली होती, डोळ्याला पट्टी, तेव्हा अंधारात म्हणाली, "माझ्या भावानं तलाठी घरीच आणला होता. चहा करून मीच दिला. मग म्हणाला, जबाब दे. दिला." मी विचारलं, "मग?" ती म्हणाली, "मग काय. लुगडं नेसवलं." आणि जरा वेळानं, "विहिरीवरचा आंबा मात्र मी लावलेला होता." आमच्या जुन्या हस्तलिखित सातबाऱ्यावर आप्पांच्या बहिणी, माझ्या दोघी आत्या, "इतर हक्क" या रकान्यात आहेत. त्या रकान्यात सोसायटीचा बोजा असतो, विहिरीतला हिस्सा असतो, कुळाचं नाव असतं. पूर्वी लेकींनाही तिथंच टाकायची पद्धत होती. पुढं दोघींच्या नावांना कंस झाले, म्हणजे ती नावं कमी झाली. माझ्या आठवणीत त्या आत्या दर मे महिन्यात यायच्या, कुरडया घालायच्या, आणि त्यांना चहा कशातून मिळायचा, हे कितीही ताण दिला तरी मला आठवत नाही.

इथपर्यंत सगळा लेख मी दोन वर्षांपूर्वीच लिहून ठेवला होता. भाऊबीजेला कुठंतरी टाकावा असा विचार होता. राहून गेला, आणि बरं झालं.

कारण गेल्या श्रावणात मी धाकट्या वन्संकडं गेले. माझ्या नवऱ्याला दोन बहिणी. सासरची जमीन चाकणजवळ. सासरे 2002 ला गेले. 2004 मध्ये दोघी बहिणींनी हक्कसोड करून दिली आणि 2006 ला ती जमीन विकून त्या पैशांतून पुण्यातला आमचा फ्लॅट झाला, ज्यात बसून मी हे लिहिते आहे. सह्यांच्या आदल्या दिवशी दोघी आमच्या भाड्याच्या घरी मुक्कामाला होत्या. मी बासुंदी-पुरीचा बेत केला होता. पुऱ्या टम्म फुगल्या होत्या, हे मला स्पष्ट आठवतं. दस्ताचा मसुदा नवऱ्यानं मला दाखवला होता, मीच त्यातला गट नंबर तपासला होता, आणि एका ओळीत "लिहून देणार" च्या पुढं स्वल्पविराम राहिला होता तो घातला होता. बाकी काहीही आठवत नाही. कुणाचा चेहरा नाही, कोण गप्प होतं ते नाही. गाव सोडताना थोरल्यांनी काही घेतलं नाही. धाकट्यांनी फक्त अंघोळीच्या पाण्याचा तांब्याचा बंब मागितला, आणि तो एसटीच्या टपावर चढवताना कंडक्टरशी त्यांची झालेली हुज्जत आम्ही कित्येक वर्षं हसत हसत सांगायचो.

बंब त्यांच्या गॅलरीत आहे. चिंचेनं घासून लख्ख ठेवलेला, वरचं झाकण काढून आत तुळस लावलेली. मी म्हणाले, "वन्सं, अजून जपलाय की." "आमच्या वाड्यातलं तेवढंच आहे, वहिनी," त्या म्हणाल्या, सहज, तुळशीची वाळकी पानं खुडत. "तुम्ही बसा आत. चहा टाकते."

"मी येते ना स्वयंपाकघरात."

"छे, तुम्ही कशाला. बसा निवांत."

मी बाहेरच्या खोलीत बसले. आत कपाटाचं दार उघडल्याचा आवाज आला, मग काचेवर काच वाजल्याचा, मग नळ. आतल्या बाईशी त्या काहीतरी बोलत होत्या आणि दोघी हसल्या. थोड्या वेळानं वन्सं ट्रे घेऊन आल्या. सोनेरी काठाचा कप, खाली बशी, बाजूला बिस्किटांची ताटली.

वीस वर्षं मी त्यांच्याकडं असाच चहा पीत आले होते आणि मला वाटायचं, थोरली वहिनी म्हणून मान देतात.

"साखर बरोबर आहे ना?" त्यांनी विचारलं.

"अगदी," मी म्हणाले. त्यांनी स्वतःचा चहा आणला नव्हता. तो आत, ओट्यावर, पेल्यात होता.